नाडीचा झरा

कुपीत तपासणीच्या औषधाचे दोन थेंब टाकले आणि पाणी पिवळंधमक झालं. थोरलीने कुपी उन्हात धरली, ओतून दिली, पुन्हा भरली. पुन्हा पिवळं. क्लोरीन. म्हणजे नळाचं पाणी.

आणि ते तिने भरलं होतं नाडीच्या झऱ्यातून. कड्याच्या पोटातून हे पाणी मनगटाच्या नाडीसारखं ठोके देत येतं, म्हणून नाव नाडीचा झरा. आजाऱ्याने खालच्या दगडी वाटीत हात बुडवून बसायचं आणि हात बाहेर काढेपर्यंत तोंडातून अक्षर काढायचं नाही, एवढाच त्याचा नेम. आत्ताही तिची धाकटी बहीण वाटीत डावा हात सोडून, डोळे मिटून बसली होती. अर्धांगाचा झटका आल्यापासून सात महिने त्या हाताचं लाकूड झालं होतं. गेल्या आठवड्यात अंगठा हलला. डॉक्टर म्हणाले व्यायामाने, धाकटी म्हणाली झऱ्याने. थोरली बाथरूममध्ये जाऊन रडून आली.

थोरली पाणीखात्यात गळत्या शोधायची. लोखंडी सळईचं एक टोक रस्त्यावर, दुसरं कानाला, की जमिनीखालचा पाइप कुठे रडतोय ते तिला कळायचं. खात्यात सगळे तिला ‘कानवाली’ म्हणत. घरं वाढत गेलेल्या वरच्या वस्तीला आता महिनाभर करंगळीएवढीच धार येत होती, आणि सळईने आज तिला ओढत ओढत थेट इथे आणून उभं केलं होतं.

पलीकडच्या गल्लीतच घर. तिथे या भागाचे व्हॉल्व नोकरीभर सांभाळलेले तिचे वडील खिडकीत बसून मटार सोलत होते.

“आप्पा, कड्याखालून लाइन जाते?”

“जुनी आहे. बंद. तिकडे वेळ घालवू नकोस म्हणून सांगितलं होतं ना तुला?”

तिने पिवळी कुपी मटारांच्या ताटात ठेवली. आप्पांनी दाणे सालांच्या ढिगात टाकले आणि रिकामं साल दाण्यांत.

“किती वर्षं झाली?” तिने विचारलं.

“धाकटीच्या वेळेपासून.”

“अडतीस वर्षं?” तिने स्टूल पुढे ओढलं.

“त्या उन्हाळ्यात झरा आटला. तुझ्या आईला सातवा महिना, डॉक्टरांनी हात टेकलेले. बाई रोज जाऊन कोरड्या वाटीत हात ठेवून बसायची. मला बघवेना. लाइनीला दीड इंची पाइप जोडला आणि कड्याच्या भेगेत घातला. संध्याकाळी घरी आली आणि म्हणाली, ‘अहो, सुरू झाला.’ पुढे सगळं सुखरूप झालं.”

“आणि ठोके?”

“पंपाचे. धक्के देत ढकलतो तो पाणी.”

“आजी तर म्हणायची, तिच्या लहानपणीही ठोके होते.”

“आजी पुष्कळ काही म्हणायची.”

“नंतर बंद का नाही केलात?”

“करणारच होतो. पण रोज कुणी ना कुणी वाटीत हात घालून बसलेलंच असायचं. कुणाच्या हाताखालून काढून घेऊ?”

“एकदाही बंद करून बघितलं नाहीत?”

“धीर झाला नाही गं.”

तेवढ्यात फोन वाजला. साहेब. “कानवाली, सापडलं का काही? वरच्या वस्तीच्या बायका बादल्या घेऊन माझ्या टेबलासमोर बसल्यात.”

“सापडलं,” ती म्हणाली. “अर्ध्या तासात बंद होईल.” फोन ठेवल्यावर तिला आपणच बोललेलं ऐकू आलं. एका पारड्यात साऱ्या वस्तीच्या बादल्या, दुसऱ्यात बहिणीचा एक अंगठा. आणि तिने तर बोलून टाकलं होतं.

आप्पा चप्पल शोधत होते. “चल. उघडला मी, बंदही मीच करणार.”

कड्यामागे झुडपात लोखंडी झाकण होतं. त्याखालच्या, त्या पाइपच्या व्हॉल्वला चावी लावून आप्पा एकेक फेरा मोजत गेले. अकराव्याला धाप लागली, तेव्हा उरलेला अर्धा तिने फिरवला. सळई टेकवून ऐकलं. पाइप मुका.

दोघं वळसा घालून पुढे आले. धार दोरीएवढी झाली, दोऱ्याएवढी झाली आणि तुटली. वाटीतलं पाणी तळाच्या फटीतून झिरपून गेलं. धाकटीने डोळे उघडले. आधी हाताकडे पाहिलं, मग थोरलीच्या हातातल्या चावीकडे, मग आप्पांकडे. नेम मोडायचा नाही म्हणून ती बोलली नाही. बोलली असती तर बरं झालं असतं.

थोरलीला ढेकळासारखं विरघळून जावंसं वाटलं.

आणि मग भेगेच्या खोल आतून एक ठोका आला. थांबून दुसरा. दगड ओला झाला, आणि पाणी आलं. तसंच, नाडीसारखं, एका लयीत, पण बर्फासारखं गार. धाकटीने शहारून खांदे आवळले.

थोरलीने कुपी भरली. घाईत दोनाऐवजी पाच थेंब पडले. पाणी काचेसारखं स्वच्छच राहिलं.

“व्हॉल्व पक्का बंद आहे ना?” आप्पांनी चावीकडे बघत विचारलं.

“तुम्हीच तर केलात.”

“मग ठोके कशाचे?”

झरा कधीचा परत आला होता कोण जाणे. दहा वर्षांपूर्वी, तीस वर्षांपूर्वी, कदाचित त्याच वर्षीच्या पावसात. आणि हा माणूस आपल्या चोरट्या पाण्याने त्याची वाट अडवत, त्याचा आवाज बुजवत, जन्मभर घाबरत, त्याच्या शेजारी राहिला होता.

आप्पा धाकटीशेजारी खाली बसले. अडतीस वर्षांत त्यांनी या वाटीत कधी बोटही बुडवलं नव्हतं. आता बाही वर केली आणि हात घातला. ते काहीतरी बोलायला गेले, नेम आठवला आणि तोंड मिटलं.

फोन पुन्हा वाजला. साहेब. वर पाणी पोचलं असणार, आणि आता ते विचारणार, गळती कुठे होती. थोरलीने वाजणारा फोन दगडावर ठेवला, चावी त्याच्या शेजारी ठेवली आणि वाटीत त्या दोघांच्या हातांमध्ये आपला हात सोडला.