ओरिनचा गवतातला ग्लोव्ह

मी एक जुना बेसबॉलचा ग्लोव्ह आहे. हातमोजे जोडीने जन्माला येतात, पण मला भाऊ नाही. कारखान्यातून मी एकटाच निघालो, फक्त डाव्या हातासाठी. उजव्या हाताला चेंडू फेकायचा असतो, त्यामुळे तो बिचारा उघडाच फिरतो. मित्रांनो, ही तक्रार नाही. नुसती ओळख करून देतोय.

माझी आई गाय होती. ती जन्मभर गवतात राहिली. पुढे मीही बराच काळ गवतातच काढला, तेव्हा घराण्याची परंपरा मी मोडली असं कोणी म्हणू शकणार नाही.

मला विकत घेतलं ओरिन स्ट्राउडने. कॅन्ससमधल्या विलो फोर्ड गावच्या संघात तो नुकताच लागला होता. छोटा संघ, छोटी लीग, पण खेळायचे पैसे मिळायचे, म्हणजे ते काम होतं. ओरिन काटकुळा होता आणि वाऱ्यासारखा पळायचा. दुकानदाराने त्याला विचारलं, "खेळतोस कुठे? बेसजवळ उभा राहत असशील तर लहान ग्लोव्ह देतो. लांब कुंपणाकडे असशील तर मोठा."

"ते मॅनेजर सकाळी सांगतात," ओरिन म्हणाला.

"म्हणजे?"

"ज्याचं पोट बिघडेल त्याच्या जागी."

दुकानदाराने थोडा विचार केला आणि मला काढलं. मी मधल्या मापाचा होतो. माझं कोणाशीच धड जमत नव्हतं, म्हणून आमचं जमलं.

नवा ग्लोव्ह पुठ्ठ्यासारखा ताठ असतो. त्याला माणसात आणावं लागतं. हे काम ओरिनच्या बायकोने, व्हर्नाने, अंगावर घेतलं. सकाळी डुकराच्या मांसाच्या पट्ट्या तळल्या की तव्यात उरलेली चरबी ती माझ्या तळव्यात चोळायची. मग माझ्या पोटात एक चेंडू ठेवायची, ओरिनच्या विजारीच्या पट्ट्यांनी मला करकचून बांधायची आणि गादीखाली सारायची. त्यांचं लग्न नवंच होतं. ते दोघं वर, मी खाली. ओरिनला विजार हाताने धरून संघात जावं लागायचं, पण त्याने कधी कुरकुर केली नाही.

त्या चरबीचा एक तोटा झाला. शेजाऱ्यांच्या कुत्र्याला मी नाश्ता वाटलो. त्याने माझी करंगळी आणि अंगठ्याजवळच्या वाद्या खाल्ल्या. ओरिनने करंगळी शिवली आणि वाद्यांच्या जागी स्वतःच्या बुटाची नाडी ओवली. नाडी जरा सैल बसली. ही नाडी लक्षात ठेवा, मित्रांनो. पुढे तिचं काम आहे.

मग सुरू झाली आमची नोकरी. सोमवारी आम्ही दुसऱ्या बेसवर, मंगळवारी कुंपणापाशी, बुधवारी तिसऱ्या बेसवर. बेस म्हणजे मैदानाच्या कोपऱ्यांतल्या खुणेच्या गाद्या; धावणाऱ्याने त्यांना शिवत पुढे जायचं. एकदा आमचा संघ इतका हरत होता की ओरिनला चेंडू टाकायला उभं केलं. एकदा पंच आजारी पडला तर ओरिन पंच झाला, आणि त्याने आपल्याच संघाच्या दोन माणसांना बाद दिलं. परतीच्या प्रवासात बसमध्ये त्याच्याशी कोणी बोललं नाही. पण त्याला कोणी खाली उतरवूही शकलं नाही, कारण बस तोच चालवत होता.

कपडे बदलायच्या खोलीत प्रत्येक खेळाडूची एक खुंटी होती. खुंटीवर त्याची जागा लिहिलेली असायची: पहिला बेस, दुसरा बेस, असं. ओरिनची खुंटी दाराशी होती. तिच्यावर काही लिहिलेलं नव्हतं. तिथे तो, मी आणि झाडू असे राहायचो.

आता त्या काळची एक रीत सांगतो. आपला संघ फलंदाजीला आला की खेळाडू ग्लोव्ह घेऊन परत येत नसत. जिथे उभे असत तिथेच गवतात टाकून पळत येत. परत क्षेत्ररक्षणाला गेले की उचलत. त्यामुळे आमची फलंदाजी चालू असताना मैदानात परक्या संघाची माणसं आणि आमचे ग्लोव्ह असत. सगळ्यांना हे अगदी बरोबर वाटायचं. कोणी अडखळून पडलं तर लोक म्हणायचे, "बघून चालावं." इतर ग्लोव्हना आपापली ठरलेली जागा असे. मी मात्र रोज नव्या ठिकाणी पडायचो. ओरिन पळता पळता, मागे न बघता, खांद्यावरून मला भिरकावून द्यायचा. आकाश बघत पडून राहायचं. वारा, धान्याच्या कोठाराची सावली, अंगावर चढणारी मुंगी. बरं चाललं होतं.

अशी नऊ वर्षं गेली. ओरिन पस्तिशीला आला. पळताना आता त्याचा श्वास मला ऐकू यायला लागला. पूर्वी तो चेंडूच्या आधी पोहोचायचा, मग बरोबर पोहोचायला लागला, मग चेंडू त्याची वाट बघायला लागला. आणि संघात पर्सेल नावाचा चोविशीचा पोरगा आला. तो फक्त दुसऱ्या बेसवर खेळायचा, पण पळायचा असा की टोपी मागे राहायची.

"काय आजोबा," पर्सेल रोज विचारायचा, "आज कुठे मुक्काम?"

"तुझ्या मागे," ओरिन म्हणायचा. "तुझ्या हातून सुटलेलं गोळा करायला."

हंगामाच्या शेवटच्या दिवशी मॅनेजर गस झाडूशेजारी येऊन उभा राहिला. गस तंबाखू चघळायचा आणि वाईट बातमी द्यायची असली की चघळणं थांबवायचा. त्या दिवशी त्याने चघळणं थांबवलं.

"ओरिन, पुढच्या वर्षी राखीव माणूस एकच ठेवायचाय. तू किंवा पर्सेल."

"बॉस, मी सगळीकडे खेळतो."

"सगळीकडे खेळतोस रे. पण सगळीकडे उशिरा पोहोचतोस. आज बघतो तुझे पाय. मग ठरवतो."

ओरिनने मला खुंटीवरून काढलं आणि हात आत घातला. मित्रांनो, मग वाकून उजव्या हाताने त्याने आपल्या दोन्ही पायांना हळूच थोपटलं. हे त्याने कोणाला सांगितलं नाही. मीही आजच सांगतोय.

सामना शेजारच्या मार्लो गावाशी होता. ओरिनला त्या दिवशी डाव्या बाजूला, लांब गवतात उभं केलं होतं. शेवटची पाळी आली तेव्हा आम्ही एका धावेने मागे होतो. दोघे बाद झालेले. तिसरा बाद झाला की सामना संपला आणि हंगामही. फलंदाजीला ओरिन. मी त्याच्या फेकण्याप्रमाणे गवतात पडलेलो, तोंड उघडं, फलंदाजाकडे.

व्हर्ना शेंगदाण्याची पुडी धरून कुंपणाशी उभी होती. खाणं तिने केव्हाच बंद केलं होतं.

ओरिनने चेंडू असा मारला की त्याचा आवाज मला गवतात आला. मार्लोचा क्लेटस नावाचा धिप्पाड गडी माझ्या बाजूला होता. चेंडू आता कुंपणाला लागणार असं समजून तो पाठ फिरवून कुंपणाकडे धावत सुटला. चेंडू मात्र एक टप्पा घेऊन सरळ माझ्याकडे आला.

मी काय करणार? नऊ वर्षं मला एकच गोष्ट शिकवली होती. चेंडू आला की मिटायचं. चेंडू कोणाचा आहे ते आधी विचार, असं कोणी सांगितलं नव्हतं. मी मिटलो. चेंडू त्या सैल नाडीच्या फासात जाऊन गच्च बसला.

क्लेटस कुंपणापाशी पोहोचला आणि वाट बघू लागला. कोणीच आलं नाही.

"चेंडू कुठाय?" तो ओरडला.

"तुझ्या मागे!" त्यांचा शॉर्टस्टॉप ओरडला. दुसऱ्या आणि तिसऱ्या बेसच्या मध्ये उभा असतो तो.

"मागे नाहीये!"

"अरे ग्लोव्हमध्ये बघ!"

क्लेटसने स्वतःच्या ग्लोव्हमध्ये पाहिलं. "नाहीये!"

"तुझ्या नाही रे शहाण्या, गवतातल्या!"

तोवर ओरिन पहिल्या बेसवरून वळून दुसऱ्याकडे निघाला होता. पण धापा टाकत. त्याचे पाय जड पडत होते. पर्सेल बाकावर उभा राहून ओरडत होता, "पळा आजोबा, पळा!" आणि आश्चर्य म्हणजे त्यात चेष्टा नव्हती.

क्लेटसने मला उचललं. चेंडू ओढला. येईना. झटकलं. येईना. नाडीत बोट घातलं, तर बोटही अडकलं. ते कसंबसं सुटल्यावर त्याने जगाच्या इतिहासात इतर कोणी केला असेल असं मला वाटत नाही असा विचार केला, आणि चेंडूसकट मलाच भिरकावलं.

मी उडालो. खाली दुसरा बेस दिसला, आणि त्याच्यावर ओरिन. त्याने वर पाहिलं आणि मला ओळखलं.

शॉर्टस्टॉपने मला झेललं. "हे काय आहे?"

"फेक पुढे, फेक पुढे!" सगळे ओरडले.

ओरिन तिसऱ्या बेसपाशी पोहोचला होता. तिथे गस दोन्ही हात वर करून उभा होता. "थांब! ओरिन, थांब!" थांबला असता तर तो वाचला असता, आणि सामनाही अजून हातात राहिला असता. पण ओरिन गसकडे बघतच नव्हता. तो हवेत बघत होता. शॉर्टस्टॉपने मला पांढऱ्या पाटीकडे फेकलं. ही पाटी म्हणजे खेळाडू जिथून निघतो आणि चारी कोपरे फिरून जिथे परत यायचं असतं ती जागा. मी वरून निघालो, ओरिन खालून निघाला. मित्रांनो, माझ्या माणसाला मी तसं पळताना कित्येक वर्षांत पाहिलं नव्हतं. त्याची टोपीसुद्धा मागे राहिली.

आम्ही जवळजवळ एकदम पोहोचलो. पाटीमागे बसलेल्या मार्लोच्या कॅचरने मला झेललं आणि मातीत घसरत आलेल्या ओरिनच्या नडगीवर टेकवलं. पाटी अजून वीतभर लांब होती.

पंच वाकला. "चेंडू कुठाय?"

"यात," कॅचर म्हणाला.

पंचाने माझ्यात डोकावून पाहिलं आणि मोठ्याने हिशोब केला. "चेंडू ग्लोव्हमध्ये आहे. ग्लोव्ह हातात आहे. हात अंगाला लागलाय. बाद!"

"पण पंचसाहेब," ओरिन पडल्या पडल्या म्हणाला, "तो माझा ग्लोव्ह आहे!"

"छान आहे," पंच म्हणाला, आणि पाटी झाडू लागला.

सामना संपला. मार्लोवाले चेंडू काढायला धडपडत होते. ओरिनने मला त्यांच्या हातातून घेतलं, अंगठ्याने नाडी जराशी मागे सारली, चेंडू टपकन खाली पडला. मग तो बाकावर जाऊन बसला आणि माझ्या अंगावरची माती पुसायला लागला. प्रेक्षकांतून कोणीतरी ओरडलं, "ओ गस, पुढच्या वर्षी त्या ग्लोव्हला घ्या टीममध्ये! त्याला आणायला माणूससुद्धा लागत नाही!" सगळे हसले. व्हर्ना वळून त्या माणसाकडे अशी बघायला लागली की त्याने स्वतःची टोपी डोळ्यांवर ओढली.

गस आला. चघळत नव्हता.

"मी थांब म्हणालो होतो."

"हो बॉस."

"सामना घालवलास."

"हो बॉस."

"ऐकू आलं नाही का तुला?"

"आलं." ओरिनने मला उलटं करून करंगळीचे टाके बघितले. "पण बॉस, ते त्याला फेकत होते."

गसने माझी सैल नाडी बोटाने ओढून पाहिली. मग म्हणाला, "पहिल्यापासून दुसऱ्या बेसपर्यंत तू पोत्यासारखा आलास. मी मनात पर्सेलचं नाव पक्कं केलं होतं. आणि दुसऱ्यापासून पुढे जो कोणी पळत आला त्याला मी ओळखलंच नाही. कोण होता तो?"

ओरिनने मला मांडीवर ठेवलं.

"पाय आहेत म्हणजे अजून. कारणाशिवाय निघत नाहीत एवढंच." गसने खिशातून तंबाखू काढून तोंडात टाकली. "पुढच्या वर्षी त्यालाच घेऊन ये. आणि हे बेणंही आण." बेणं म्हणजे मी.

पर्सेलला मार्लोने घेतलं. क्लेटसला चेंडू कुठे आहे हे सांगणारं कोणीतरी त्यांना हवंच होतं.

पुढच्या हंगामात लीगने नियम केला की मैदानात ग्लोव्ह ठेवायचा नाही, ज्याने त्याने आपला बरोबर आणायचा. जुने खेळाडू चिडले. म्हणाले, एवढं ओझं घेऊन कोण पळणार? ओरिन चिडला नाही. आणखी दोन वर्षं तो खेळला, आणि दर पाळीला मी बाकावर त्याच्या मांडीवर असायचो. आकाश जरा कमी दिसायचं, पण चालायचं.

मग खेळ सुटला. ओरिन शाळेची बस चालवू लागला आणि मी गॅरेजमध्ये रंगाच्या डब्यांवरच्या खिळ्याला लागलो. सुरुवातीला तो येता-जाता हात घालून बघायचा. नंतर नुसता बघायचा. नंतर डब्यांतला रंग वाळला आणि मीही. चामड्याला भेगा पडल्या. एका उंदरिणीने माझ्या अंगठ्यात संसार थाटला. पोरं गुणी होती, पण त्यांना चेंडू झेलता येत नव्हता.

आणि या वसंतात व्हर्नाने गॅरेज आवरलं. जुनं सामान विकायला अंगणात टेबल मांडलं. डब्यांबरोबर, तिच्याही लक्षात न येता, मीही टेबलावर आलो. एक गृहस्थ आले. त्यांनी मला उचललं, हात आत घातला, आणि फाटकाकडे चालू लागले. हात अनोळखी होता. मला मिटता येईना.

तेव्हा ओसरीवर खुर्ची सरकल्याचा आवाज आला.

ओरिन आता साठीचा आहे. एक गुडघा वाकत नाही. डॉक्टरांनी जिनासुद्धा जपून चढायला सांगितलंय.

"ओरिन!" व्हर्ना ओरडली. "गुडघा! थांब म्हणते ना!"

तो थांबला नाही. टेबलाला वळसा, दोरीवरच्या चादरीखालून, फुलझाडांवरून, फाटकापर्यंत. टोपी मागे राहिली. या वेळी तो आधी पोहोचला.

व्हर्ना पायऱ्या उतरून आली. आधी त्याला बोलली, मग माझ्याकडे निरखून पाहिलं, आणि तवा तापवायला आत गेली.

मित्रांनो, तुमच्याही घरात कुठल्यातरी खिळ्याला कोणीतरी लागलेलं असेल. त्याला खाली काढा. थोडं तेल लावा, अंगठ्यात उंदीर नाही ना ते बघा. आणि खेळ संपवून घरी निघालात की एकदा मागे वळून गवतात नजर टाका. आपलं कोणी तिथे राहिलं असेल, तर परत जा. गुडघा दुखत असला तरी.