आज तालमीला कोण नाही?

मित्रांनो, तुम्ही घाबरू नका. घाबरायचं काम माझ्याकडे आहे आणि ते मी जन्मभर मन लावून करत आलो आहे. मी एक जुना अ‍ॅम्प्लिफायर आहे, पूर्वीच्या रेडिओत असत तसल्या काचेच्या व्हॉल्व्हवर चालणारा. गिटारची वायर माझ्यात खुपसली की तिचा पुटपुटता आवाज मी इतका मोठा करतो की खिडक्यांची तावदानं थरथरतात. लोक म्हणतात, काय दम आहे याच्यात! दम कसला डोंबलाचा? ती माझी किंकाळी असते.

ओहायोतल्या टोलेडो शहरात, नदीच्या पूर्वेला, साबो नावाचा एक म्हातारा रेडिओ दुरुस्त करायचा. त्याने मला आपल्या गॅरेजमध्ये बनवलं. माझी पेटी त्याने मोडक्या कपाटाच्या फळ्यांची केली, आणि स्पीकरची पेटी वेगळी केली, माझ्याहून मोठी. पहिल्यांदा वीज सोडली तेव्हा साबो स्वतःच दोन पावलं मागे सरला. बनवणाराच मागे सरतो म्हटल्यावर मी काय समजायचं? तेव्हापासून मी जो घाबरलो तो घाबरलोच.

मला घेऊन गेला वेंडल कोझाक. मोटारींच्या पुढच्या काचा बनवायच्या कारखान्यात तो कामाला होता आणि संध्याकाळी गिटार वाजवायचा. साबो त्याला म्हणाला, "पोरा, चालू केलास की लगेच वाजवू नकोस. व्हॉल्व्ह तापू दे. तोवर एक सिगारेट ओढ."

"मी ओढत नाही, काका."

"मग देवाचं नाव घे. पण थांब."

वेंडल देवाचं नाव घेत नसे. तो माझ्या पाठीवर तळहात ठेवून उभा राहायचा आणि ऊब आली की वाजवायला लागायचा. मित्रांनो, तेवढाच वेळ मला भीती वाटत नसे.

वेंडलने आणि त्याच्या लहानपणच्या मित्राने, क्लीटने, मिळून एक रॉक बँड काढला. नाव ठेवलं सॉल्ट ट्रक्स, कारण आमच्याकडे हिवाळ्यात बर्फ वितळावं म्हणून रस्त्यावर मीठ टाकणारी गाडी आली की लोकांना तेवढाच आनंद होतो. क्लीट बेस गिटार वाजवायचा आणि दिवसा पावाची गाडी चालवायचा. त्याच गाडीतून आम्ही गावोगाव जायचो. गाणारी होती ट्रूडी आणि ड्रम्स वाजवणारा लॉनी. लॉनी सगळ्यांत हसरा. ड्रम्सवर बसला की तो मला "काय रे बाबा, घाबरलास का?" असं विचारायचा. त्याला कसं कळायचं कोण जाणे!

तालीम क्लीटच्या मावशीच्या लाँड्रीखालच्या तळघरात व्हायची. वर पंधरा-वीस मशीन कपडे धुवायची आणि खाली माझ्या डोक्यावरून पाण्याचे पाइप जायचे. विजेवर चालणाऱ्याच्या डोक्यावर पाणी! मी जीव मुठीत धरून बसायचो. बारमध्ये गेलो तर लोक माझ्यावर बियरचे पेले ठेवायचे. पावाच्या गाडीत मी कोपऱ्यात बांधलेला असायचो आणि बर्फावरून चाक घसरलं की वाटायचं, संपलं सगळं.

मग एक गाणं चाललं. त्याची सुरुवात फक्त आम्हा दोघांची होती. वेंडल एकच तार छेडायचा, मी ओरडायचो, आणि मग बाकीचे येऊन मिळायचे. डेट्रॉइटपासून क्लीव्हलंडपर्यंत रेडिओवर ते लागायला लागलं. लोक ते सुरू होताच टेबलांवर चढायचे. एका वर्तमानपत्रवाल्याने लिहिलं की असा आवाज कुठल्याच दुकानात विकत मिळत नाही. मला बरं वाटलं, खोटं कशाला बोलू? पण त्याच हिवाळ्यात माझी खरी भीती सुरू झाली.

एका तालमीला लॉनी आला नाही. त्याच्या जागी कोणी दुसराच बसला होता.

"लॉनी कुठाय?" ट्रूडीने विचारलं.

"त्याला सांगितलं नाही," क्लीट म्हणाला. "जरा मागे पडतो तो. रेकॉर्ड कंपनीवाले म्हणत होते."

कोणी पुढे काही विचारलं नाही. दोन दिवसांनी लॉनी नेहमीसारखा आला. त्याचे ड्रम्स जिन्यावर साबणाच्या खोक्यांपाशी रचून ठेवले होते. टोपीवर बर्फ घेऊन तो दारात उभा राहिला. "परवा प्रॅक्टिस होती का?" त्याने विचारलं. क्लीटने मान फिरवली. वेंडल माझ्यावर ओणवा होऊन माझी बटणं फिरवायला लागला. बटणं अगदी ठीक होती, मित्रांनो. माझी तर पाचावर धारण बसली होती. लॉनीने एकट्याने एकेक ड्रम उचलून वर नेला. जाताना तो माझ्याशीही बोलला नाही.

मग ती रीतच पडून गेली. ज्याला काढायचं त्याला सांगायचं नाही. फक्त तालमीला बोलवायचं नाही आणि सामान जिन्यावर ठेवायचं. लॉनीच्या जागी आलेला तसाच गेला. त्यानंतरचाही गेला. मधे एक कीबोर्डवाला आला, त्याची नवी जाकिटं बघून मला वाटलं हा टिकेल, तोही जिन्यावरून घरी गेला. भित्यापाठी ब्रह्मराक्षस म्हणतात ना? माझ्यामागे तो जिना लागला. तालमीला माणसं जमू लागली की मी आधी बघायचो, आज कोण नाही? सगळे दिसेपर्यंत मला काही सुचत नसे. आणि एकदा कोणी नसलं की दुसरा प्रश्न यायचा: माणसं काढतात, मग डबे किती दिवस ठेवतील?

वर्षं गेली. पोस्टरवर आमचं नाव वर होतं ते हळूहळू खाली आलं. नवे अ‍ॅम्प हलके असायचे, एका हाताने उचलता यायचे. मला उचलायला दोघं लागत. कारखान्यात इतकी वर्षं काचा उचलून वेंडलची बोटं सुजायला लागली होती.

"एक सूर मागे राहतोयस, वेंडल," क्लीट म्हणायचा.

"मी जागच्या जागी आहे रे. गाणंच पुढे पळतंय."

सगळे हसायचे. क्लीट हसत नसे. मी त्याच्याकडे बघायचो आणि माझे व्हॉल्व्ह गार पडायचे.

ऑगस्टमधली दुपार होती. येत्या शनिवारी जिल्ह्याच्या जत्रेत आमचा कार्यक्रम होता. क्लीट आला, ट्रूडी आली, ड्रम्सवाला आला. त्यांच्यामागून ब्रेंट नावाचा एक इस्त्रीच्या शर्टातला माणूस गिटार घेऊन आला. मी वाट बघितली. दार बंद झालं. वेंडल नव्हता.

बाप रे! ज्याने बँड काढला त्यालाच? मला ओरडावंसं वाटलं, पण वायर खुपसल्याशिवाय मला आवाज कुठला!

"वेंडलला कोण सांगणार?" ट्रूडीने विचारलं.

"बघू नंतर," क्लीट म्हणाला.

"नंतर म्हणजे जिन्यावर का?"

"गप ना, ट्रूडी. तुला शनिवारी गायचंय की नाही?"

ब्रेंटने माझ्या स्पीकरची वायर काढली आणि स्वतःच्या चकचकीत अ‍ॅम्पला लावून बघितली. मग म्हणाला, "हा म्हातारा कसा वाजतो तेही बघू." त्याने गिटार मला जोडली, मला चालू केलं, पण स्पीकरची वायर परत लावायला विसरला. त्याच्या अ‍ॅम्पला तसं चालत असेल. आम्हा व्हॉल्व्हवाल्यांना नाही चालत, मित्रांनो. आवाजाला बाहेर जायला वाट नसेल तर तो आतच जाळतो. काही ऐकू येईना म्हणून ब्रेंटने बटण पूर्ण फिरवलं आणि जोरात तारा छेडल्या. माझ्या पोटात ठिणग्या उडाल्या. आयुष्यभर ज्याला भीत आलो ते हेच, असं मला वाटलं. एवढं भाजत असून बाहेर चकार शब्द नाही!

"काहीतरी जळतंय!" ट्रूडी ओरडली. क्लीटने धावत येऊन वीज बंद केली.

"मी काही केलं नाही हं," ब्रेंट म्हणाला. "आणि घाबरता कशाला? माझ्या अ‍ॅम्पवर वाजवतो ना."

त्याने आमच्या गाण्याची सुरुवात वाजवली. सगळे सूर जागच्या जागी, स्वच्छ.

"हे गाणं नाही," ट्रूडी म्हणाली. "ही टूथपेस्टची जाहिरात आहे."

क्लीट कपाळाला हात लावून बसला. शेवटी तो जिन्यावरच्या फोनपाशी गेला. नंबर फिरवायला त्याला किती वेळ लागला! "वेंडल," तो म्हणाला, "अ‍ॅम्प जळलाय रे. तुझ्या त्या डेट्रॉइटच्या दुरुस्तीवाल्याकडे शनिवारच्या आत होईल का?" पलीकडून वेंडलने काहीतरी विचारलं. "हो, तळघरातूनच बोलतोय," तो म्हणाला. "हो. आम्ही सगळे आहोत."

हे शेवटचं तो बोलून गेला आणि मग त्याने जीभ चावली. त्या सगळ्यांत वेंडल नव्हता.

वेंडल कारखान्याच्या कपड्यांतच आला. आधी त्याने माझ्या पाठीवर हात ठेवला. मग त्याला ब्रेंटची गिटार दिसली. हा भांडेल का? रडेल का? गुपचूप निघून गेला तर?

"शनिवारी हा वाजवणार?" त्याने विचारलं.

ड्रम्सवाला आपल्या काठ्या पुसायला लागला.

"क्लीट, बोल ना."

"काय बोलू?"

"जे ठरवलंयस ते. जिन्यावर नको. इथे, माझ्याकडे बघून."

क्लीटने वर बघितलं. "तू आता बँडमध्ये नाहीस, वेंडल."

"कधीपासून?"

"आजपासून."

"बरं," वेंडल म्हणाला.

त्याने मला उचललं. क्लीट दुसरी बाजू धरायला पुढे आला. "राहू दे," वेंडल म्हणाला, आणि पायरीपायरीवर मला टेकवत एकटाच वर घेऊन गेला. मग स्पीकरची पेटी न्यायला तो परत खाली उतरला.

शनिवारी ते माझ्याशिवाय जत्रेत गेले. मी वेंडलच्या स्वयंपाकघरात टेबलाखाली पडून होतो. आता मला कोण ठेवणार? भंगारवाल्याची गाडी गल्लीत आली की मी अंग चोरायचो. पण वेंडलने मला डेट्रॉइटला नेलं, माझ्यात नवा ट्रान्सफॉर्मर बसवून आणला, पाठीवर तळहात ठेवला, थांबला आणि वाजवायला लागला. तो फक्त आपला भाग वाजवायचा. बाकीचे जिथे येऊन मिळायचे तिथे थांबायचा, ती जागा मोकळी सोडायचा आणि मग पुढे जायचा. मित्रांनो, मी बियरला भ्यालो, पाण्याला भ्यालो, आगीला भ्यालो. पण त्या मोकळ्या जागांइतका मी कशालाच भ्यालो नाही.

हिवाळ्यात एकदा दार वाजलं. बाहेर क्लीट उभा होता, हातात बेस गिटार घेऊन.

"कुलूप बदललंय त्यांनी," तो म्हणाला. "माझं सामान जिन्यावर होतं, वेंडल. माझ्या मावशीच्या जिन्यावर! मावशीला म्हणे भाडं वाढवून दिलं."

"तोंडावर कोणी काही बोललं?"

"कोणी बघितलंसुद्धा नाही." क्लीटने नाक पुसलं. "ब्रेंट मला उन्हाळ्यातच म्हणाला होता, दोघांपैकी एक म्हातारा जाईल. मी घाबरलो रे. मला वाटलं, तू गेलास तर मी राहीन."

वेंडलने दार अर्धवट धरून ठेवलं होतं. बर्फ आत येत होतं. मी मनातल्या मनात ओरडत होतो, बंद करू नकोस, बंद करू नकोस!

"लॉनीच्या वेळी मीही घाबरलो होतो," वेंडल म्हणाला. "नाहीतर बोललो नसतो का?"

इतकी वर्षं मला वाटायचं, त्या तळघरात भित्रा मी एकटाच. मित्रांनो, तुमच्याकडे माझ्यासारखं जुनं काही असेल तर त्याला एकदम कामाला जुंपू नका, जरा तापू द्या. त्याच्या आवाजाला बाहेर जायला वाट ठेवा. आणि कोणी नकोसं झालं, तर त्याच्याकडे बघून तसं सांगा. भीती वाटली तरी सांगा. आम्हा भित्र्यांच्या गप्प बसण्यानेच जिन्यावर सामान साचतं.

वेंडलने दार पूर्ण उघडलं.

"मंगळवारी संध्याकाळी प्रॅक्टिस आहे," तो म्हणाला. "तुला सांगतोय. ऐकलंस ना?"

"ऐकलं," क्लीट म्हणाला. पण त्याने वेंडलला ते आणखी एकदा सांगायला लावलं.