चोख पंचनामा

पोलीस खात्यात तीस वर्षं कारकुनी करताना भीमसेनला कुत्रं विचारत नव्हतं. निवृत्तीनंतर मात्र तो पडद्यावर झळकला. निरपराध माणूस तुरुंगात सडतोय असा संशय आला, की माहितीपटवाले शहराच्या कडेला, हेब्बाळला त्याच्या दारात हजर. जुना पंचनामा कॅमेऱ्यासमोर धरून तो म्हणे, "शेवटच्या ओळी बघा, कशा दाटीवाटीनं बसवल्यात. पंचांच्या सह्या आधी कोऱ्या कागदावर घेतल्या, मजकूर मागाहून लिहिला." असे नऊ माहितीपट झाले, दोन माणसं सुटलीसुद्धा. ही लबाडी त्याला ओळखता येई, कारण ती करण्यातच त्याची सारी नोकरी सरली होती. ते कुणी विचारलं नव्हतं, मग हा कशाला सांगतोय!

फक्त यल्लाप्पाची आठवण त्याचा पिच्छा सोडत नव्हती. त्याच शहरातल्या शिवाजीनगरच्या गॅरेजातला वेल्डर, मालकाच्या खुनात जन्मठेप. चित्रीकरणाचे दिवे लागले की भीमसेनला वाटे, आज त्याचीच फाईल निघाली तर?

दहाव्या वेळी ती निघाली. एचएसआर लेआउट या वस्तीतल्या स्टुडिओत पुण्याच्या मुग्धानं कागद पुढे केला. यल्लाप्पानं लपवलेला सुरा काढून दिल्याचा पंचनामा. सही कधीच वारलेल्या साहेबांची, अक्षर भीमसेनचं. तळाशी चार ओळी, मुंग्यांसारख्या.

"सर, अपीलसाठी हाच पॉइंट आहे. काय वाटतं?"

कोपऱ्यात यल्लाप्पाची आई गंगव्वा बसली होती, निपाणीहून आलेली. "मीच म्हटलं हिला, भीमसेनअण्णांनाच बोलवा," ती म्हणाली. "तुमचे समदे कार्यक्रम बघितल्यात मी. तुमी खोटं बोलत न्हाई."

ओळी मागाहून घातल्या म्हणावं, तर पुढचा प्रश्न ठरलेला, कुणी घातल्या? खरं त्याच्या ओठांपर्यंत आलं होतं.

"पंचनामा चोख आहे," तो म्हणाला.

मुग्धा गोंधळली. "पण सर, या ओळी..."

"कागद संपत आला की अक्षर बारीक होतंच."

गंगव्वा त्याच्याकडे बघत राहिली. तिच्या चेहऱ्यावर राग नव्हता, आणि तेच त्याला सोसवेना.

"चौदा वर्षांत तुरुंगातली एक भेट चुकवली न्हाई मी," ती सावकाश म्हणाली. "कोर्ट बोललं, गाव बोललं, मी ऐकलं न्हाई. आता तुमीच म्हणताय, म्हंजे माझ्या पोरानंच केलं की."

उद्याच्या भेटीसाठी केलेल्या कडबोळ्यांचा डबा तिनं पिशवीतून काढून त्याच्यापुढे ठेवला.

"तुमीच खावा, अण्णा. मी उद्या जात न्हाई."