साळिंदरांच्या मैदानात साहेब

आजी न्हाणीघरात घसरून पडली, खुब्याचं हाड तडकलं आणि डॉक्टरांनी तिला पलंगाला जखडून टाकलं. वेळ जावा म्हणून नातीने आपला जुना फोन तिच्या हातात दिला. हाड यथावकाश सांधलं. फोन मात्र हाताला चिकटला तो चिकटलाच.

फोनवर साळिंदरांचा खेळ होता. दोन संघ, प्रत्येकाची पाच साळिंदरं, आणि मैदानाच्या मधोमध एक अवाढव्य भोपळा. जो संघ भोपळा ढकलत आपल्या कोठारात नेईल तो जिंकला. यात काय एवढं आहे, असं आबांना पहिल्या दिवशी वाटलं होतं. दसऱ्यादिवाळीला नव्हे, रोजच आजीच्या तोंडून "अगं बाई, काट्याने टोच त्याला!" असं ऐकू यायला लागल्यावर त्यांचं मत बदललं.

आबा कारखान्यात प्रेस मशीनवर होते. पत्रा आत सरकवायचा, वरून दणका बसायचा, डब्याचं झाकण बाहेर पडायचं. अख्खी नोकरी अंगठा उठवून पगार घेतला. निवृत्त झाल्यावर आजीनेच त्यांना अक्षरं शिकवली. तेव्हापासून संध्याकाळी गॅलरीत दोन खुर्च्या, दोन कप चहा आणि एक वर्तमानपत्र असा त्यांचा बेत असे. आबा बोट ठेवून एकेक अक्षर लावत बातमी वाचायचे, आजी मधेमधे सुधारायची. एक बातमी संपेपर्यंत चहा गार व्हायचा, पण घाई कोणाला होती?

आता वर्तमानपत्र घडी न मोडताच पडून राही. आबा आजीच्या खुर्चीकडे बघत चहा पीत.

"अगं, आज पान तीनवर गंमत आहे," ते आत डोकावून म्हणत.

"थांबा हो! भोपळा दारात आलाय!" आजी मान वर न करता म्हणे.

ते थांबत. भोपळा आत गेला की दुसरा येई.

शेवटी आबांनी ठरवलं, की आजी बाहेर येत नाही तर आपणच आत शिरायचं. नातीच्या एका मैत्रिणीला नोकरी लागल्यामुळे संघात एक जागा रिकामी झालीच होती. नातीला सगळे खारू म्हणत, कारण बोलताना तिचं तोंड खारीसारखं सतत कुरतडल्यासारखं चाले. आबांनी तिच्याकडे शब्द टाकला.

"मला विचारून उपयोग नाही," खारू म्हणाली. "कप्तान आजी आहे."

कप्तानाने चष्म्यावरून बघितलं. "नाव काय घेणार?"

"नाव? बारशाला ठेवलंय की."

"ते इथे चालत नाही. आमच्या संघात सगळ्यांची नावं जपानी अक्षरांत आहेत. वरच्या फळीतले सगळे तसंच लिहितात."

"का?"

"का ते कोणाला माहीत? लिहितात." आजीने फोनचा पडदा त्यांच्यासमोर धरला. तिच्या साळिंदराच्या डोक्यावर तीन अक्षरं तरंगत होती. "हे माझं. खारूने शोधून दिलं. चांदण्यातली वीज."

"चांदणं काही माझ्या बघण्यात नाही आलं," आबा म्हणाले, "वीज ओळखली."

"आधी नाव घेऊन या. मग विनोद करा."

आता आबांना जपानी अक्षरं येत होती असं नाही. पण चार येत होती. कारखान्यात जुन्या मशीनने त्यांच्या उजव्या हाताच्या पहिल्या बोटाचं टोक खाल्लं, त्यानंतर जपानहून बोटीने नवी मशीन आली. तिच्या छातीवर वाटीएवढं लाल बटण होतं आणि बटणावर पांढरी चार अक्षरं. बटण दाबलं की ते एवढं धूड जागच्या जागी गप्प.

"ज्याने मशीन बनवली त्याचं नाव आहे ते," मुकादमाने सांगितलं होतं. "त्याचं नाव दाबलं की थांबते. मालकाशिवाय दुसऱ्या कोणाचं ऐकेल ती?"

हे सगळ्यांना पटलं. न पटण्यासारखं त्यात काय होतं? तेव्हापासून बटणाचं नाव पडलं साहेब. पाळी सुरू झाली की जो तो फडक्याने साहेबांचं नाव पुसायचा. कोणाचा हात साच्याखाली गेला की शेजारी बोंब मारायचे, "साहेब! साहेब!" आणि कोणीतरी दाबायचं. नवी मशीन आल्यापासून त्या खात्यात कोणाचं नखही गेलं नाही. आबांना स्वतःचं नाव लिहिता येण्याआधी कितीतरी वर्षं ती चार अक्षरं डोळे मिटून दिसत होती.

खारूने आबांच्या फोनवर जपानी कळफलक बसवला. "उच्चार सांगा, मी टाईप करते."

"उच्चार कुठला? आम्ही साहेबच म्हणायचो."

"मग काढून दाखवा. हा चौकोन आहे ना, त्यात बोटाने अक्षर काढायचं. खाली फोन अक्षरं सुचवतो, त्यातलं आपलं उचलायचं."

तुटक्या बोटाला फोन दाद देईना, म्हणून आबांनी मधलं बोट पुढे केलं. पहिलं अक्षर म्हणजे पाठीला पाठ लावून उभ्या दोन फण्या. दुसरं म्हणजे छप्पर, छपराखाली खिडकी, खिडकीखाली वाळत घातलेला टॉवेल. तिसऱ्यात मनोऱ्याला टेकून एक माणूस उभा होता. चौथी मोडकी खुर्ची. फोन भलतंच काहीतरी पुढे करी आणि आबा भाजीवाल्याकडची वांगी नाकारावीत तसे मान हलवत.

"आबा, हे घ्या की, सारखंच दिसतंय."

"सारखं कसं? याच्या टॉवेलला गाठ आहे. आमच्या साहेबांचा टॉवेल सरळ होता."

चारही अक्षरं एका ओळीत आली तेव्हा आबांनी सवयीने सदऱ्याच्या टोकाने पडदा पुसला.

पहिल्या सामन्यात समोर जपानचाच संघ होता. शिट्टी झाली, समोरची साळिंदरं काटे फुलवून धावत आली आणि आबांच्या साळिंदराच्या जवळ येताच जागच्या जागी उभी राहिली. अगदी एक पाय हवेत, अशी.

"फोन अडकला का गं?" आबांनी विचारलं.

"अडकला कसला, मी ढकलतेय की!" आजी भोपळा घेऊन एकटीच कोठारात शिरली. जिंकलो! तिने पलंगावर बसल्या बसल्या टाळी वाजवली.

"बघितलंस?" आबांची छाती फुगली. "अजून काय मान आहे साहेबांना. नुसतं नाव दिसलं तर पोरं हलायला तयार नाहीत."

दुसऱ्या, तिसऱ्या, पुढच्या सगळ्या सामन्यांत तेच. संघ भराभर वर चढला. आजी खुश होती, आबांना "शाबास हो" म्हणाली. पण म्हणताना तिची नजर पडद्यावरच होती. एका पलंगावर, एकमेकांच्या खांद्याला खांदा लावून दोघं बसत आणि बोलणं म्हणजे काय तर "डावीकडे व्हा" आणि "काटे मिटा." याच्यापेक्षा गॅलरी बरी होती, असं आबांच्या मनात येऊन गेलं.

मग गोष्टी हाताबाहेर गेल्या. प्रेक्षक म्हणून आलेली साळिंदरंही कुंपणावरून आत उतरून उभी राहायला लागली. आधी पाचपन्नास, मग मोजता येणार नाहीत इतकी. सगळी आबांच्या भोवती, चिडीचूप. एकाने तर डोक्यावर झोपायची टोपी घातली होती. त्या गर्दीत भोपळा दिसेना. भोपळा हलला नाही तर दोन्ही संघ बाद, असा खेळाचा नियम होता आणि अंतिम सामना उद्यावर आला होता.

त्यातल्याच एकाचा जपानीत निरोप आला. खारूने तो फोनकडूनच मराठी करून घेतला आणि खुदकन हसली, मग आबांकडे बघून हसू गिळलं.

"आबा, रागावणार नाही ना? ते कोणाचं नाव नाहीये."

"म्हणजे?"

"जपानच्या सगळ्या कारखान्यांत लाल बटणावर तेच लिहिलेलं असतं. 'तातडीने थांबा.' हा म्हणतो, मीही मशीनवर काम करतो. ते बटण दाबायची माझी हिंमत होत नाही. तुम्ही आलात की हात आपोआप थांबतात. आभार."

आबांनी ज्यांचं नाव पाळीपाळीला पुसलं, मनातल्या मनात ज्यांना गोरा, चष्मा असलेला चेहरासुद्धा देऊन ठेवला होता, ते साहेब मुळात नव्हतेच. मुकादमाने टोपी घातली होती, का मुकादमालाच कोणी घातली होती, देव जाणे.

"बरं झालं कळलं," कप्तान म्हणाली. "आता नाव बदला. खारू, यांना ते 'शूर गरुड' दे. उद्या जिंकायचंय मला."

खारूने नवी अक्षरं टाकून दिली. आता फक्त हिरव्या चौकोनावर बोट ठेवायचं होतं. आबांनी बोट पुढे नेलं, तेच नेमकं तुटकं निघालं. ते त्याच्याकडे बघत बसले.

"नाही बदलत," ते म्हणाले. "साहेब नसले तर नसोत. बाकीची बोटं राखली कोणी?"

"मग संघातून काढेन."

"काढ की."

आजीने त्यांच्याकडे बघितलं. पुष्कळ दिवसांनी नीट बघितलं. मग फुरंगटून म्हणाली, "राहा. मी एकटी ढकलते. माझं काही अडलेलं नाही."

अंतिम सामन्याला मैदानात मुंगी शिरायला जागा नव्हती. शिट्टी झाली आणि सगळं थांबलं. समोरचा संघ थांबला. कुंपणावरचे थांबले. खारूच्या दोघी मैत्रिणींनीही, हसू आवरत, आपापली साळिंदरं उभी केली. आणि त्या काट्यांच्या जंगलातून चांदण्यातली वीज तेवढी भोपळा ढकलत, वाट काढत निघाली. आजीच्या कपाळावर घाम आला. कोठाराचं दार अगदी हाताशी आलं.

शेजारी बसलेले आबा हळूच म्हणाले, "अगं, एवढी दुनिया थांबली. तू तेवढी थांबली नाहीस."

आजीचा अंगठा अडखळला.

"काय लिहिलंय म्हणाली खारू त्या बटणावर?"

"थांब, म्हणून."

"मग ते तोंडाने सांगता येत नव्हतं?" आजी उसळली. "इतके दिवस घुम्यासारखे चहा पीत बसलात. आणि सांगायला आलात ते जपानमार्गे!"

तिने अंगठा उचलला. भोपळा उंबऱ्यावर डुगडुगला आणि टेकला. "आजी! ढकल! एवढासा राहिलाय!" खारू किंचाळत होती. आजीने फोन उशीवर पालथा ठेवला, आबांच्या खांद्याला धरून उठली आणि लंगडत गॅलरीत जाऊन आपल्या खुर्चीत बसली.

"चहा टाका. आणि ते पान तीन घेऊन या."

"ते शिळं झालं गं. रद्दीत गेलं."

"आजचं आणा. तेही संपणार कधी तुमच्याच्याने!"

आबांनी चहा आणला, घडी मोडली, बोट ठेवलं आणि पहिलं अक्षर लावलं. नगरपालिकेने पाण्याची वेळ बदलली होती. वेलांटीपाशी आजीने टोकलं. चहा गार होत गेला.

आतून खारूचा रडवेला आवाज आला, "आजी, अगं, ते सगळे अजून तसेच उभे आहेत!"

"उभे राहू देत," आजी म्हणाली. "हं, पुढे वाचा."