चालु

माझी बायको राजव्वा गेल्यावर बाराव्या दिवशी चैतालीची आई, मनकर्णाबाई, उजनीकाठच्या गावाहून आली. माझी सून चैताली तिला सांगत होती, "शेवटच्या आठवड्यातसुद्धा आत्या छान जेवल्या, आई. सारखं 'चालू, चालू' म्हणायच्या. मी घास भरवतच राहायचे."

"खाऊनपिऊन गेली की विहीणबाई! लई नशिबाची."

आमच्या तेलुगूत चालु म्हणजे पुरे.

लकव्याचा झटका आल्यावर राजव्वाचं मराठी गेलं, तेलुगू तेवढं उरलं. लग्न होऊन ती करीमनगरकडून भवानी पेठेत आली तेव्हा मीच दटावलं होतं, पोराशी तेलुगू बोलायचं नाही, शाळेत हसतात. म्हणून पोराला, अमृतला, दहा शब्दही येत नाहीत. मग त्याच्या बायकोला कोण सांगणार?

मी सकाळच्या पाळीला टॉवेलच्या कारखान्यात असायचो. घरी यावं तर राजव्वानं ओकलेलं असायचं. उशी, मान, केस, सगळ्याला आंबट वास. पुसताना मला शिसारी यायची. एकदा म्हणालो, "पचत नाही तर एवढं खातेस कशाला?" तेही मराठीत. तिनं तोंड भिंतीकडे केलं.

आता शिसारी येते ती माझ्या जिभेची.

सांगावं तर पोरगी मोडेल. तिनं मायेनंच भरवलं होतं. न सांगावं तर राजव्वाचं नाव खादाड म्हणून घरोघर निघणार. अर्धी भाकरी खाणारी बाई ती.

दुपारी चैतालीनं मला वाढलं. दुसऱ्यांदा भात घातला तसं माझ्या तोंडून निघून गेलं, "चालु."

तिनं हसून आणखी घातला. "मामा, तुम्हीपण आत्यांसारखंच म्हणता."

मी ताटावर हात आडवा धरला. भात हातावर पडला.

"पुरे," मी म्हणालो. "आमच्यात चालु म्हणजे पुरे, पोरी."

तिनं मान हलवली. मग डाव तिच्या हातात तसाच राहिला.

"म्हणजे आत्या..."

"चूक तुझी नाही. या घरातली तिची भाषा मी बंद केली."

"जाऊ द्या की आता, व्याहीबुवा," मनकर्णाबाई म्हणाली. "मेल्या माणसाचं कशाला उकरता?"

चैताली मोरीकडे धावली. तिच्या ओकण्याचा आवाज आला. मी खरकट्या हातानंच उठलो, तांब्या भरला आणि तिच्या मागे जाऊन उभा राहिलो.