माया

खिळा वाकडा गेला म्हणून बाईंनी तो उपटून फेकला, दुसरा दातांत धरला आणि पुन्हा स्टुलावर चढल्या. हातोडी डोक्याच्या वर नेऊन त्यांनी तीन घाव घातले. खिडकीवरची फळी गप्प बसली. खाली एकवीस मशीन आणि एकवीस बायाही गप्प बसल्या होत्या.

"कुणी उघडली होती ते मी विचारत नाही," बाई वरूनच म्हणाल्या. "मला ठाऊक आहे आणि जिनं उघडली तिलाही ठाऊक आहे. निळं कापड उन्हानं विटतं. विटलेला गणवेश शाळा परत पाठवते. आणि परत आलेला गणवेश काही तुमच्या नवऱ्यांच्या अंगाला बसत नाही."

मागच्या रांगेत कुणीतरी फिस्सकन हसलं. कापडाच्या कडा गुंफणाऱ्या ओव्हरलॉकवालीनं मात्र मान वर केली नाही. तिला खोकला आला आणि तो तिनं दाबला नाही.

"बाई, वरची एक फळी तरी मोकळी ठेवा," कापायच्या टेबलापासून मास्तर म्हणाले. "पोरी दिवसभर कापडाचा भुगा गिळतात."

"मास्तर, टेबल तुमचं, कात्री तुमची. खिडकी माझी."

मास्तरांनी गळ्यातला टेप सारखा केला आणि कापडाकडे वळले. भांडण संपलं असं दिसलं, पण बाईंना आपल्या कारखान्यातला प्रत्येक आवाज कळायचा. मशीन सुरू झाली ती बाईंनी हातोडी खाली ठेवल्यावर नाही, मास्तरांची कात्री चालू झाल्यावर. हे त्यांच्या मनाला लागलं.

स्टुलावरून उतरताना एक गोष्ट तेवढी बरी वाटली. हात एवढा वर नेला तरी कामाचा निळा कोट काखेत आवळला नव्हता. थंडीआधी वरच्या फळीवरचं थान काढायचं म्हटलं तरी शिवण टरटरायची. रात्रीचं जेवण अर्ध्यावर आणल्याचा गुण. सुनेला त्यांनी हे दोनदा ऐकवलं होतं, एकदा तिच्या ताटाकडे बघून.

दुपारच्या चहाला मुलानं पुस्तक काढलं. दोन दिवसांच्या नेतृत्वाच्या शिबिराहून तो आला होता तो निम्मा साहेब होऊन. तिथं त्याला कळलं होतं की धंदा म्हणजे युद्ध, आणि युद्ध कसं करायचं हे चीनमधल्या एका सेनापतीनं अडीच हजार वर्षांपूर्वी सांगून ठेवलंय. आता मोठमोठ्या कंपन्यांचे साहेब म्हणे ते उशाशी घेऊन झोपतात.

"वाच," बाई म्हणाल्या. "माझे डोळे चुरचुरतात."

बाईंचे डोळे घारीचे होते. दुसऱ्या रांगेतली सुटलेली टीप त्यांना दारातून दिसायची. पण शाळा दुसरीतच सुटली. आकडे तेवढे अंगवळणी पडले. अक्षरं मात्र मुंग्यांसारखी, एकीला धरावं तर दुसरी पळायची. सही यायची, आणि सही करण्याआधी चष्मा लावून कागदाकडे नीट बघत राहणंही यायचं. झाकली मूठ सव्वा लाखाची. ती बाईंनी तीस वर्षं झाकली होती, पोटच्या पोरापासूनसुद्धा.

मुलानं वाचलं. शत्रू जिथं भरलेला तिथं जाऊ नये, पोकळ असेल तिथं घाव घालावा. त्याच्या गोटातला एक माणूस आपला असावा. त्याची माणसं त्याच्यापासून तोडावीत, मग लढावंच लागत नाही.

"हे तर माझी सासू चुलीपुढं बसून करायची," बाई म्हणाल्या. "तिला कुणी शिबिराला नाही बोलावलं."

"ऐक तर. शत्रूला चारी बाजूंनी वेढलं तरी बाहेर पडायला एक वाट ठेवावी."

"ती कशाला?"

"असं लिहिलंय."

"चिनी माणूस दिसतोय भोळा. शत्रूची वाट ठेवायची नसते रे, लावायची असते."

मुलगा हसला. मग त्यानं जुनाच विषय काढला. मास्तर प्रत्येक गणवेशात शिवणीच्या आत इंचभर जादा कापड सोडतात, ती माया अर्ध्या इंचावर आणली तर थानंच्या थानं वाचतील. पण मास्तर ऐकत नाहीत.

"काय म्हणतात?"

"म्हणतात, पोर वाढतं साहेब, कापड वाढत नाही. ते आपणच आधी ठेवायचं असतं."

बाईंनी कप बशीत जरा जोरात ठेवला. खिडकी मास्तरांची, माया मास्तरांची, बायाही मास्तरांच्या. मग आपलं काय, दारावरची पाटी?

गोटातला माणूस शोधायला लांब जावं लागलं नाही. काजं करणारीला सगळे तार म्हणत, कारण तिच्या कानात पडलेली गोष्ट दुपारपर्यंत सगळीकडे पोचायची. बाईंनी तिला सुया मोजायच्या निमित्तानं आत बोलावलं आणि समोर बसवलं. एवढ्यावर ती विरघळली.

"कुणाला सांगू नका हं, बाई."

"मी कशाला सांगेन? मी काय तू आहे?"

"मास्तरांना दिसत नाही हो." तारेचा आवाज खाली आला. "मोतीबिंदू नाही, डोळ्याच्या आतलंच काहीतरी सुकत चाललंय म्हणे. वर्ष झालं. सकाळी मापाचा कागद आला की मी कोपऱ्यात नेऊन त्यांना वाचून दाखवते. दोनदा. ते पाठ करतात. मग तुम्ही आलात की कागद हातात धरून मोठ्यानं म्हणतात, छाती इतकी, बाही इतकी. रोज. कुणाला कळत नाही."

"आणि कापतात कसं?"

"बोटांनी. रेघ जाड ओढतात. त्या खिडकीतून ऊन यायचं ना टेबलावर, तेव्हा बरं पडायचं त्यांना."

बाई खुर्चीत मागे टेकल्या. खिडकी पोरींच्या खोकल्यासाठी नव्हती तर! पोरींना पुढं करून म्हातारा स्वतःसाठी उजेड मागत होता. पोकळ जागा सापडली होती. तारेनं अजूनही काही सांगितलं होतं, पण ते बाईंनी ऐकलंच नाही. ज्याला हवं ते मिळतं त्याचा कान तिथंच बंद होतो.

दुसऱ्या दिवशी मापाचा कागद बाईंनी दारातच घेतला. तारेच्या हाती लागू दिला नाही. मुलगा माल पोचवायला गेला होता. जेवणाची सुट्टी संपली, बाया जागेवर बसल्या, आणि बाई कागद घेऊन सरळ कापायच्या टेबलाशी गेल्या.

"नव्या शाळेचा आहे, मास्तर. वाचा. सगळ्यांना ऐकू जाईल असं."

मास्तरांनी कागद घेतला. नाकाजवळ नेला, लांब धरला, ट्यूबलाइटखाली तिरका केला. एक मशीन थांबलं. मग शेजारचं. तार काजाच्या मशीनमागे खाली वाकली, जणू तिची सुई पडली होती.

"वाचा ना."

"बाई," मास्तर म्हणाले, "जरा वेळानं सांगतो."

"आत्ता का नाही?"

मास्तरांनी कागद पुन्हा ट्यूबलाइटखाली नेला. बाईंनी तो त्यांच्या हातातून काढून घेतला आणि बायांकडे वळल्या.

"कळलं का ग, खिडकी कुणाला हवी होती? तुमचा खोकला पुढं केला, आणि उजेड पाहिजे होता यांना. वर्षभर आंधळी कोशिंबीर चाललीय माझ्या कापडावर."

बाईंना वाटलं होतं, बाया मास्तरांकडे रागानं बघतील. बाया जमिनीकडे बघत होत्या.

"खरं आहे," मास्तर म्हणाले. टेप त्यांनी गळ्यातून काढला आणि टेबलावर ठेवला. "खिडकी मला हवी होती. तुमचं नाव पुढं केलं. चुकलं माझं, पोरींनो."

झालं. जिंकल्या होत्या बाई. तेवढ्यात ओव्हरलॉकवाली उठून उभी राहिली. तिच्या बोलण्यात खोच नव्हती, तेच वाईट होतं.

"मग बाई, तुम्हीच वाचून दाखवा. काम तरी सुरू होईल."

बाईंनी चष्मा लावला. कागद समोर धरला. आकडे दिसत होते, स्पष्ट, ओळीनं उभे. पण कुठला आकडा छातीचा आणि कुठला खांद्याचा, कोणत्या इयत्तेचा, ते शेजारच्या मुंग्यांना ठाऊक. एकवीस तोंडं वाट बघत होती. बाईंनी घसा साफ केला. पुन्हा साफ केला.

"छाती..." त्या म्हणाल्या, आणि पुढं काही आलं नाही.

"राहू द्या, बाई," मास्तर म्हणाले.

ते टेबलाला वळसा घालून आले, एक हात टेबलाच्या कडेवर ठेवून, कोपरा चाचपत. त्यांनी बाईंच्या हातातून कागद घेतला.

"माझ्या ओल्या हातानं शाई पसरलीय यावर. देवालासुद्धा लागणार नाही हे अक्षर. साहेब आले की दुसरा कागद मागवतील. तोवर मागच्या वर्षीच्या बाह्या राहिल्यात, त्या घ्या ग. चला, हात हलवा."

त्यांनी कागदाची चार वेळा घडी घातली आणि खिशात ठेवली. शाई पसरलेली नव्हती. छापील कागद होता तो, कोरा करकरीत.

मशीन सुरू झाली. बाई आपल्या खोलीत आल्या, दार लावलं आणि बसायचं विसरून उभ्याच राहिल्या. काल तारेनं सांगितलेलं आता एकेक शब्दानं कानात पडत होतं. कोपऱ्यात नेऊन पाठ करतात. मग तुम्ही आलात की मोठ्यानं म्हणतात. रोज.

ज्याला दिसत नाही, त्यानं मोठ्यानं वाचायचं कशाला? आणि दिसत होतं तेव्हा तरी कशाला? वीस वर्षं मास्तरांची ही खोड होती. कागद आला की आधी बाईंपुढं खणखणीत वाचायचा. एकदा त्या वैतागून म्हणाल्याही होत्या, "हळू वाचा हो, मी काय बहिरी आहे?" तेव्हा मास्तर हसले होते. "सवय आहे, बाई."

पाच वाजता सगळ्या गेल्या. काचेतून बाईंनी मास्तरांना कात्री फडक्यात गुंडाळताना पाहिलं. कात्री घरी नेतात की खणात ठेवतात, इकडे त्यांचं लक्ष होतं. खणात ठेवली. मग दाराशी येऊन ते रोजच्यासारखं म्हणाले, "येतो, बाई."

बाईंनी मान हलवली. मग लक्षात आलं, मान हललेली त्यांना दिसली नसणार. तोवर ते गेले होते.

मुलगा आला तो खुशीत. वाटेत कुणीतरी त्याला सगळं सांगितलं होतं, किंवा निम्मं.

"जिंकलीस की, आई! एका कागदात!"

"ते पुस्तक काढ. ते वाटेचं काय होतं, परत वाच."

त्यानं पान शोधलं. "वेढलेल्याला वाट ठेवावी. नाहीतर तो जिवावर उदार होऊन लढतो."

"आणि वेढलेल्यानंच वाट ठेवली तर?"

"कुणासाठी?"

बाईंनी काचेतून कापायच्या टेबलाकडे पाहिलं. मग म्हणाल्या, "आणि जिंकल्यावर काय करायचं, ते आहे का त्यात?"

त्यानं चार पानं पुढं चाळली, चार मागं. "तसं काही दिसत नाही."

"असू दे. पक्कड आण. आणि स्टूल धर, ते डुगडुगतंय."

त्या वर चढल्या. पहिला खिळा किरकिरत निघाला, दुसरा लवकर निघाला. तिसऱ्यासाठी त्यांनी हात पार वर ताणला आणि तशाच थांबल्या. काख आवळली नव्हती. कालही नव्हती.

थंडीत बटण तुटलं म्हणून त्यांनी हा कोट मास्तरांच्या टेबलावर टाकला होता. दोन दिवसांनी परत मिळाला, तेव्हा सगळ्यांदेखत बोलल्या होत्या, "एका बटणाला दोन दिवस? म्हातारे झालात, मास्तर."

"आई, काय झालं? दुखलं का?"

"तू स्टूल धर."

बाईंनी पक्कड खिशात टाकली, काखेतली शिवण दोन बोटांनी उलटी केली आणि फळीच्या सुटलेल्या कडेतून येणाऱ्या उजेडात धरली. कोट धुऊन धुऊन राखाडी झाला होता, पण तिथं एक पट्टा गर्द निळा होता, नव्या थानासारखा. पट्ट्याच्या कडेला उसवलेल्या जुन्या टिपेची भोकं ओळीनं होती. नवी टीप हातानं घातलेली होती, बारीक, आणि कापडात उभा जन्म गेलेल्या माणसाला शोभणार नाही इतकी वाकडी. मध्ये दोनदा चुकून बाहेर गेली होती आणि चाचपत परत आली होती. बाईंनी तिच्यावरून बोट फिरवलं, अगदी शेवटच्या गाठीपर्यंत. गाठीच्या पलीकडे अजून बोटभर कापड आत दुमडून ठेवलेलं होतं.