ताईचे चार सेकंद

मित्रांनो, मी एक जुना ट्रान्समीटर आहे. वस्तीबाहेरच्या टेकडीवर, लोखंडी दाराच्या एका खोलीत मी उभा आहे. उंचीने कपाटाएवढा, अंगावर काट्यांचे दोन मीटर. लोक रेडिओवर जो आवाज ऐकत, तो स्टुडिओतून तारेने माझ्याकडे येई. मी त्याला लहरींवर बसवून मनोऱ्यावरून चहूकडे सोडून देई. मी घरोघरी पोचत होतो, पण घरांतले काहीच माझ्याकडे परत येत नव्हते. माझी रचनाच तशी आहे.

सहा जणांनी दोरखंड लावून मला इथे चढवले. एका भांड्यांच्या दुकानदाराने हौसेने हे लहानसे स्टेशन काढले होते. आसपासच्या दुकानांच्या जाहिरातींवर ते चालेल, असे त्याला वाटत होते. पहिल्या दिवशी जाहिरात एकच होती, त्याच्याच दुकानाची. ती तासाभरात अकरा वेळा लागली.

"मालक, आता भांडीसुद्धा कंटाळली असतील," आमचे इंजिनियर म्हणाले.

मालक हसले आणि त्यांनी फोन करून बाराव्यांदा लावायला सांगितली.

इंजिनियर दर मंगळवारी येत. माझ्या जाळीवरची धूळ पुसत, दोन्ही मीटर वाचून वहीत आकडे लिहीत. एक काटा माझी शक्ती दाखवी, दुसरा आवाजाबरोबर नाचे. आठवड्याचे उरलेले सहा दिवस मी आणि माझा पंखा.

सकाळी आठला इंजिनियरांची थोरली बहीण बोलत असे. सगळे तिला ताईच म्हणत. ती पूर्वी शाळेत शिकवायची. प्रश्न विचारला की वर्गाकडून उत्तर येईपर्यंत थांबायचे, ही सवय तिने स्टुडिओतही सोडली नव्हती. "औषध घेतलंत का?" ती विचारी आणि बरोबर चार सेकंद गप्प राही. मग म्हणे, "शाब्बास." त्या चार सेकंदांत माझा नाचरा काटा शून्यावर येई, पण शक्तीचा काटा जागचा हलत नसे. आवाज थांबला तरी लहर जातच असते, मित्रांनो. त्या रिकाम्या लहरीवर लोक आपापल्या खोलीत उत्तर देत असत, हे मला फार उशिरा कळले.

एका मंगळवारी काठी टेकत एक म्हातारे गृहस्थ टेकडी चढून आले. ते घड्याळजी होते आणि एकटे राहत.

"काल तुमची ताई पाच सेकंद थांबली," ते धापा टाकत म्हणाले. "नेहमी चार थांबते. बरी आहे ना?"

इंजिनियरांनी वही मिटली. "आजोबा, ताप आहे तिला. पण तुम्ही मोजता?"

"दुसरं काय मोजू? दुकान बंद झालं. ती विचारते, मी सांगतो. तेवढंच काय ते दिवसातलं बोलणं."

पुढे मालक थकले आणि त्यांनी स्टेशन एका मोठ्या कंपनीला विकले. कंपनीने माझ्या शेजारी एक पेटी बसवली. तीन सेकंद आवाज आला नाही, तर काहीतरी बिघडले असे समजून ती आपोआप जाहिरात लावी. पेटी वाईट नव्हती. तार तुटली असती तर तिनेच वेळ निभावून नेली असती. पण ताईचे थांबणे आणि तार तुटणे यांतला फरक तिला समजत नव्हता.

पहिल्याच सकाळी ताईने विचारले, "झोप लागली का रात्री?" एक, दोन, तीन, आणि गादीची जाहिरात दणाणली.

तो मंगळवार होता. दुपारी ताई स्वतः भावाला गाठायला टेकडीवर आली. "मागे स्क्रू आहे म्हणे. तो फिरव आणि दहा सेकंद कर."

"ताई, त्यावर कंपनीचं सील आहे. तोडलं तर मला काढतील. तू दोनच सेकंद थांब ना. कोणाला कळणारे?"

"घड्याळजींना कळेल."

"अगं, एका माणसासाठी?"

"अरे शहाण्या, रेडिओ एका वेळी एकाच माणसाशी बोलतो. ऐकणारे कितीही असोत." मग तिने भावाकडे पाहिले आणि तिचा आवाज खाली आला. "राहू दे. तुझी नोकरी जायला नको."

दुसऱ्या दिवसापासून तिने प्रश्न विचारणेच सोडले. ती बातम्या सांगे, गाणी लावी. माझा काटा तासभर अखंड नाचे. इतके भरलेले तास मी पूर्वी कधी वाहिले नव्हते आणि इतके रिकामेही.

तीन आठवड्यांनी घड्याळजी पुन्हा आले. काखेत त्यांचा रेडिओ होता.

"याचं काय ते बघा. बाकी सगळं नीट ऐकू येतं, फक्त ताईचे प्रश्न येत नाहीत. मी तीनदा उघडून साफ केला. घड्याळं इतकी दुरुस्त केली, पण हे काही जमेना."

इंजिनियरांनी रेडिओ हातात घेतला. बराच वेळ ते नुसतीच त्याची काच पुसत राहिले. "सेट उत्तम आहे, आजोबा. घरी जा. उद्या आठला लावा."

म्हातारे उतरून गेले. इंजिनियरांनी पक्कड काढली, सील तोडले आणि स्क्रू दहा सेकंदांवर फिरवला.

सकाळी ताईने विचारले, "घड्याळजी, बरे आहात ना?" मग ती थांबली. पेटी गप्प होती. चार सेकंद झाले, पाच, सात. मी पूर्ण शक्तीने ती शांतता पाठवत राहिलो. त्या खोलीत काय उत्तर दिले गेले, ते मला कधीच कळणार नाही. नवव्या सेकंदाला ताई म्हणाली, "शाब्बास." तिचा आवाज ओला होता.

असे सहा दिवस चालले. सातव्या दिवशी कंपनीला कळले. इंजिनियरांची नोकरी गेली आणि त्यांच्यामागे ताईनेही काम सोडले. कार्यक्रम दूरच्या शहरातून येऊ लागले. नंतर नवा ट्रान्समीटर दुसरीकडे उभा राहिला आणि मला 'राखीव' म्हणून बंद केले. त्याला आता नऊ वर्षे झाली. पंखा थांबला आहे. जाळीत कोळ्याने घर केले आहे. मंगळवार कधी येतो ते समजत नाही.

मित्रांनो, माझी एक विनंती आहे. माझ्या पोटात कपॅसिटर नावाचे, वीज साठवणारे भाग आहेत. वर्षानुवर्षे वीज मिळाली नाही, तर त्यांचा आतला पातळ थर झिजतो. अशा वेळी विजेचा पूर्ण दाब एकदम दिला की ते फुटतात. थोडा दाब द्यावा, थांबावे, मग आणखी थोडा. तो थर पुन्हा धरू लागतो. बराच काळ कोणी न विचारलेले यंत्र, किंवा माणूस, तुम्हाला भेटले, तर त्याला मोडीत काढण्याची घाई करू नका. बटण दाबून लगेच निघूनही जाऊ नका. जवळ बसा. आत काही उरले असेल, तर ते जागे व्हायला वेळ लागतो.